दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशीचा फोन

खोपकर सरांच्या घरी मी पहिल्यांदा गेले तेव्हा चपला बाहेरच्या दाराशीच काढल्या होत्या, तरी आतल्या खोलीच्या उंबऱ्याशी त्यांनी मला पुन्हा अडवलं. तिथे एक पायपुसणं अंथरलेलं होतं. "पाय पुसून घ्या हं, आत कॉम्प्युटर आहेत," ते म्हणाले. मी आयटीतली बाई, दिवसभर कॉम्प्युटरच्याच धुळीत हात घालते. पण त्यांचा चेहरा इतका गंभीर होता की मी मुकाट्याने देवळात शिरल्यासारखे पाय पुसले आणि आत गेले.

आत दोन कॉम्प्युटर होते. दोन्ही मी शाळेत असतानाच्या काळातले, जाडजूड पडद्यांचे, आणि दोन्हींवर त्यांच्या आईने विणलेली क्रोशाची झाकणं. आईला जाऊन नऊ वर्षं झाली होती. सरांनी लग्न केलं नव्हतं. एक बहीण, ती नाशिकला. नवीन पनवेलच्या सिडकोच्या इमारतीत, तिसऱ्या मजल्यावरच्या त्या दोन खोल्यांत चौसष्ट वर्षांचे चारुदत्त खोपकर, ते दोन कॉम्प्युटर आणि एक करकरणारा प्रिंटर, एवढी माणसं राहत होती. माणसं म्हणते, कारण सर त्यांच्याशी बोलत. "थांब रे, एवढी घाई नको," असं ते प्रिंटरला म्हणाले तेव्हा मला आधी वाटलं, मलाच म्हणतायत.

मी तिथे हौसेने गेले नव्हते. द्रोणागिरीच्या एका कंटेनर यार्डात मी कॉम्प्युटर सांभाळते. यार्डाच्या फाटकाशी एक वजनकाटा आहे. ट्रेलर आत येताना काट्यावर उभा राहतो, बाहेर जाताना पुन्हा उभा राहतो, आणि बाजूच्या केबिनमधला कॉम्प्युटर वजन टिपून पावती छापतो. हे सगळं करणारा प्रोग्रॅम सरांनी १९९७ साली लिहिला. तेव्हा ते पनवेलच्या एका छोट्या कंपनीत होते. कंपनी पुढे बंद पडली, तिच्या जागी आधी झेरॉक्सवाला आणि मग मोबाइलवाला आला, सरांनी क्लासमध्ये शिकवलं, तो क्लासही बंद झाला. प्रोग्रॅम मात्र चालतच राहिला, विंडोजच्या आधीच्या जुन्या डॉसवर, काळ्या पडद्यावर. हल्लीचे कॉम्प्युटर काट्याच्या तारेशी कुणाला थेट बोलू देत नाहीत, मध्ये दहा दरवान उभे करतात. डॉसकडे दरवानच नव्हता. म्हणून ते मशीन तिथून कुणी हलवलं नाही.

यंदा मालकांच्या मुलाने ठरवलं की आता नवीन मशीन घ्यायचं. घ्या. पण जुन्या मशीनमधल्या इतक्या वर्षांच्या नोंदी बाहेर काढायच्या तर त्यासाठी एक छोटा प्रोग्रॅम लिहायला हवा, आणि तो त्याच जुन्या कंपायलरवर तयार करायला हवा. आपण लिहिलेलं मशीनला कळेल असं करून देतो तो कंपायलर. सरांच्या वेळचा तो कंपायलर हल्लीच्या कॉम्प्युटरवर उघडतसुद्धा नाही. अख्ख्या पनवेलमध्ये तो रोज वापरात असलेलं घर एकच होतं, आणि त्या घरात मी पाय पुसून उभी होते.

"एका शनिवारात होईल," असं मी यार्डातल्या साहेबांना सांगून आले होते. सरांनी पहिल्या शनिवारी मला चहा दिला, पोहे दिले, आणि निळ्या पडद्यावर पिवळी अक्षरं कशी उमटतात ते दाखवलं. दुसऱ्या शनिवारी नोंदींची रचना समजावली, ती मला आधीच समजली होती. तिसऱ्या शनिवारी त्यांनी फाइलीला नाव दिलं. त्या जुन्या दुनियेत नाव आठ इंग्रजी अक्षरांत बसावं लागतं. माझं नाव एका अक्षराने जास्त झालं.

"एक डी कापतो," सर म्हणाले. "चालेल ना तुला?"

पहिल्या शनिवारचं 'तुम्ही' तिसऱ्या शनिवारी 'तू' झालं होतं.

"कापा," मी म्हटलं. "पण प्रोग्रॅम आज पुरा करा."

"माझंही बसत नाही. चारुदत्त, नऊ अक्षरं. आयुष्यभर मी माझ्याच मशीनमध्ये सीकेएच म्हणून राहिलोय." ते हसले. "काशिराम मात्र बरोबर आठ. एकही अक्षर कापावं लागत नाही."

काशिराम नावाची फाइल खरंच होती. सर रोज सकाळी सात ते आठ कंपायलर उघडून बसत, त्याला ते रियाज म्हणत. त्या रियाजातून गेली कित्येक वर्षं एकच गोष्ट बाहेर पडत होती. करंजाच्या बंदरावरच्या भरती-ओहोटीचा तक्ता, दसऱ्यापासून दसऱ्यापर्यंतचा, कडेला भोकं असलेल्या लांबलचक कागदावर छापलेला. दरवर्षी सर तो रबरबँड लावून काशिरामसाठी नेत. सगळं गणित त्यांनी स्वतः बसवलं होतं. मोबाइलवर एका बोटात भरती दिसते, हे मला त्यांना सांगावंसं वाटलं. पण तोवर पोहे खाल्ले होते, म्हणून गप्प बसले.

काशिराम म्हणजे काट्यावरचे काशिरामदादा. करंजाचे कोळी. तरुणपणी बापाच्या होडीवर गेलेले, मग बंदराची कामं आली आणि ते काट्याच्या केबिनमध्ये येऊन बसले ते तिथेच पिकले. बोलणं मोजकं. ड्रायव्हर कितीही ओरडला तरी त्यांचा आवाज चढत नाही, आणि पावतीवर त्यांच्या हातून चूक झालेली मी पाहिली नाही.

आता दसऱ्याचं सांगते, कारण सगळी गोष्ट त्यावरच अडकली आहे. काट्याचं मशीन रात्रंदिवस चालू असतं. वर्षातून एकदाच, खंडेनवमीच्या संध्याकाळी, ते बंद होतं. दसऱ्याला त्याला हळदकुंकू लागतं, झेंडूचा हार पडतो, काट्यापुढे नारळ फुटतो, आणि त्या दिवशी कुणी त्याला हात लावत नाही. एकादशीला सकाळी काशिरामदादा ते पुन्हा चालू करतात.

आणि दरवर्षी, चालू केलं की मशीन तारीख विसरलेलं असे. थेट १९८० सालच्या एक जानेवारीला जाऊन बसे. सरांनी प्रोग्रॅमला एक कुलूप घातलेलं आहे. आजची तारीख शेवटच्या पावतीच्या मागची निघाली तर प्रोग्रॅम उघडत नाही, पडद्यावर एक आकडा दाखवतो आणि त्यावरून काढलेला दुसरा आकडा मागतो. मागच्या तारखेच्या खोट्या पावत्या कुणी छापू नयेत म्हणून केलेली ती सोय. दुसरा आकडा कसा काढायचा ते फक्त सरांना ठाऊक. म्हणून एकादशीला सकाळी काशिरामदादांचा फोन पनवेलला जायचा, आणि सर उरणची एसटी पकडून, मग रिक्षा करून अकराच्या सुमाराला हजर व्हायचे. इस्त्रीचा शर्ट, खिशात आपट्याची पानं, काखेत तक्ता. कुलूप उघडायला दोन मिनिटं लागायची. मग ते चार वाजेपर्यंत बसायचे. काशिरामदादांच्या घरून सोनाबाईंनी दोन डबे दिलेले असायचे, एकादशी म्हणून साबुदाण्याची खिचडी. दोघे जेवायचे. बोलायचे किती, देव जाणे. सरांना वर्षभरात कुणी "तुम्ही या, तुमच्याशिवाय अडलंय" असं म्हणणारा तेवढा एकच फोन होता. हे मला त्यांनी सांगितलं नाही. पण भिंतीवरच्या त्यांच्या कॅलेंडरवर वर्षभरात एकाच तारखेला लाल गोल होता, आणि मी आंधळी नाही.

चौथ्या शनिवारच्या आधीच्या आठवड्यात मी यार्डातल्या मशीनचं झाकण उघडलं. नवीन मशीन येणार, तर जुन्याची काय अवस्था आहे ते पाहून ठेवावं म्हणून. कॉम्प्युटर बंद असताना तारीख लक्षात ठेवतो तो आतल्या एका छोट्या सेलच्या जोरावर. शर्टाच्या बटणाएवढा गोल सेल असतो, घड्याळवाल्याकडे मिळतो. तो मेला की तारीख जाते. मला वाटलं होतं, कित्येक वर्षं मेलेला सेल असणार. तर जागेवर चकचकीत सेल, त्यावर बॉलपेनने लिहिलेलं '२०२३', आणि मोजून पाहिला तर ठणठणीत भरलेला. मी प्रोग्रॅमची नोंदवही उघडली. कुलूप कोणकोणत्या दिवशी पडलं ते प्रोग्रॅम स्वतः लिहून ठेवतो. दरवर्षी एकदाच, दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी. पावसाळ्यात वीज जाऊन मशीन बंद पडलं होतं तेव्हा मात्र तारीख जागच्या जागी.

"दादा," मी म्हटलं, "सेल चांगला आहे. मग फक्त दसऱ्यालाच घड्याळ मागे कसं जातं?"

काशिरामदादा तंबाखू मळत होते. त्यांनी मळणं थांबवलं नाही.

"मीच काडतो," ते म्हणाले.

"काय काढता?"

"सेल. नवमीला मशीन बंद केला का पुसाया उघडतो, तवा काडतो नि चुन्याच्या डबीत ठेवतो. खोपकर सायेब येऊन गेले का परत बसवतो. जुना झाला का नवा मीच आनतो."

मी तोंड उघडं टाकून उभी. यार्डात त्या सकाळी ट्रेलरची रांग रस्त्यापर्यंत जाते, सर येईपर्यंत हाताने पावत्या लिहाव्या लागतात, आणि हा शहाणा माणूस हे सगळं मुद्दाम करतो?

"आदी खरंच सेल मेलेला व्हता," ते सांगू लागले. "मग एका वर्सी, दोन हजार बारा साल, सायबांनी नवीन आनला नि टाकला. बोलले, काशिराम, आता घड्याळ मागं जानार नाय, आता मना बोलवायची गरज नाय. निघाले. फाटकापर्यंत गेले नि परत आले, छत्री इसरली बोलले. परत गेले, परत आले, चष्मा इसरला. म्याडम, चष्मा डोल्यावरच व्हता."

त्यांनी तंबाखू दाढेखाली धरली.

"मी काय बोललो नाय. दुसऱ्या वर्सी नवमीला सेल काडला. मानूस वर्सातून एकदा येतो. येऊ दे ना."

केबिनच्या भिंतीवर सरांचा तक्ता लावलेला होता, खालपर्यंत लोंबणारा. मी विचारलं, हा तरी उपयोगी पडतो का?

"आमी कोली," दादा हसले. "मना तिथी सांगा, मी पानी सांगतो. तक्ता कशाला पायजे? पन सायेब एवडं काडतात मशीनवर. भिंतीला शोभतो." मग त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं. "तुमी त्यांना सांगू नका हां."

"नाही हो दादा, मी कशाला सांगू," मी म्हटलं. आणि तेव्हा मला खरंच तसं वाटत होतं.

चौथा शनिवार सरांना बरं नव्हतं म्हणून गेला. मध्ये गणपती झाले, पितृपक्ष लागला. पाचव्या शनिवारी सकाळी साहेबांनी मला फोनवर झापलं, एका शनिवारात होणार होतं ते काय झालं म्हणून. ते सगळं डोक्यात घेऊन मी तिसऱ्या मजल्यावर चढले. सरांनी पोहे केलेलेच होते. मी ते बाजूला सारले.

"सर, शंभर ओळींचा प्रोग्रॅम आहे. आज पुरा करू."

"अगं, घाई कशाला? दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी मी यार्डात येणारच आहे. तिथेच बसून करू. काशिरामही असेल, तूही असशील."

"दसऱ्यापर्यंत नाही थांबता येणार."

"बरं, पण ते मशीन तुमच्या कुणाच्या हाती लागायचं नाही, सांगून ठेवतो." ते खुर्चीत ताठ बसले होते, गळ्यात चष्म्याची दोरी, चेहऱ्यावर असा आनंद की जणू मशीनच त्यांची बाजू घेऊन उभं आहे. "बघतोय ना मी दरवर्षी. माझ्याशिवाय उठत नाही ते."

मला राग आला. पोह्यांचा आला, साहेबांचा आला, त्यांच्या त्या रमतगमत चालण्याचा आला. माझी जीभ अशीच आहे. आई म्हणते, हिच्या तोंडाला झाकण नाही. ते त्या दिवशी असतं तर बरं झालं असतं.

"सर, ते मशीन ठणठणीत आहे," मी म्हटलं. "काशिरामदादा सेल काढून ठेवतात. तुम्ही यावं म्हणून."

पंखा फिरत होता. मी बोलले ते परत घेता आलं असतं तर तिथल्या तिथे पायपुसण्यावर नाक घासलं असतं.

"कधीपासून?" त्यांनी विचारलं.

"तुम्ही सेल बदललात ना, त्याच्या पुढच्या वर्षापासून."

त्यांनी मनात हिशेब केला. "म्हणजे बारा वेळा." मग माझ्याकडे न बघता म्हणाले, "दुसऱ्या कुणाचं मशीन असतं तर मी पहिल्याच वर्षी उघडून बघितलं असतं. नवा सेल एका वर्षात कसा मरेल? त्या नव्या सेलनंतर हे एकच मी उघडलं नाही कधी."

"आणि तक्ता?" ते म्हणाले. "तो तरी बघतो का तो?"

जगात कुठेही गप्प न बसणारी मी, तिथे गप्प बसले. एक खोटं बोलायला काय जात होतं? 'बघतात की, रोज बघतात,' एवढं म्हणायचं होतं. ते मला आजही छळतं. मी गप्प बसले आणि त्यांना उत्तर मिळालं.

ते निळ्या पडद्याकडे वळले. वीस मिनिटांत प्रोग्रॅम पुरा झाला. पाच शनिवार जो पुरा होत नव्हता तो वीस मिनिटांत, एकही चूक न निघता. मला द्यायचा म्हणून त्यांनी लॅपटॉपला जोडून फ्लॉपी वाचायचा डबासुद्धा आधीच आणून ठेवला होता, कोऱ्या खोक्यातला. घरी येऊन मी फ्लॉपी उघडली. फाइलीचं नाव 'एक्सपोर्ट' होतं. माझं नाव काढून टाकलेलं.

निघताना ते नेहमीसारखे जिन्यापर्यंत आले. "सावकाश जा, मॅडम," म्हणाले.

मी नंतर दोनदा फोन केला. माफी मागितली. "राग कसला हो, तुम्ही खरं तेच बोललात," असं म्हणाले, अगदी सौम्य आवाजात. त्यांनी मला शिव्या दिल्या असत्या तर मी सुटले असते.

नोंदी निघाल्या, पण नवीन मशीन वेळेवर आलं नाही. देणारा म्हणाला, दिवाळीनंतर. म्हणजे दसऱ्याला जुनंच मशीन राहणार. आता मी काशिरामदादांना सांगायला हवं होतं की दादा, माझ्याकडून बोललं गेलं, यंदा सेल काढू नका. रोज सांगायचं ठरवत होते. रोज केबिनपाशी जायचे, त्यांचा चेहरा बघायचे आणि दुसरंच काहीतरी विचारून परत यायचे. फटकळ माणसं भित्री असतात, हे मला माझ्यावरून कळलं. शिवाय मनात एक आशाही होती. फोन येईल, सरांना मोह होईल, ते येतील. समोरासमोर आले की दोघं काही बोलणार नाहीत, खिचडी खातील आणि सगळं मिटेल.

एकादशीला मी सकाळी सातलाच यार्डात पोचले. काशिरामदादांनी नवा शर्ट घातला होता. सरांची खुर्ची पुसून ठेवलेली, टेबलावर दोन डबे. मशीनला कालचा झेंडूचा हार होता. पडद्यावर कुलपाचा आकडा आला होता आणि बाहेर ट्रेलरवाले हॉर्न देत होते. भिंतीवरचा तक्ता कालच्या तारखेला संपला होता.

दादांनी फोन लावला आणि दोन्ही हात मोकळे राहावेत म्हणून मोबाइल टेबलावर ठेवून आवाज मोठा केला.

"सायेब, काशिराम बोलतो. घड्याळ मागं गेलं परत."

"हं," सरांचा आवाज आला. पहिल्याच रिंगला उचलला होता. "पडद्यावर आकडा काय आहे?"

दादा गोंधळले. हे सरांनी इतक्या वर्षांत कधी विचारलं नव्हतं. दादांनी आकडा वाचून दाखवला. मग सरांनी सहा अंक सांगितले, एकेक, सावकाश, क्लासमध्ये मुलांना सांगावेत तसे. दादांनी एका बोटाने ते टाकले. कुलूप उघडलं. सरांनी तारीख घालायला सांगितली, तीही दादांनी घातली.

"लागलं?"

"लागलं, सायेब." दादा माझ्याकडे बघत होते, पण मी दिसत नव्हते त्यांना. "पन तुमी येनार ना?"

"आता कशाला, काशिराम? झालं ना काम. फोनवरसुद्धा होतं हे. आधीपासूनच होत होतं."

"जेवन आनलंय. सोनाने दोन डबे दिले."

"सोनाबाईंना नमस्कार सांग."

दादांनी मोबाइल उचलून तोंडाजवळ धरला, जसं काही ऐकू कमी जात होतं. "आनि तक्ता, सायेब? यंदाचा तक्ता?"

मागे त्या घरातला प्रिंटर चालू असावा, किंवा मला तसा भास झाला.

"तुला तिथी येतात की, काशिराम," सर म्हणाले.

फोन बंद झाला. मी मोबाइलच्या पडद्यावर पाहिलं, दोन मिनिटंही झाली नव्हती. त्यासाठी तो माणूस वर्षानुवर्षं इस्त्री करून, एसटी पकडून, अख्खा दिवस घेऊन येत होता.

"मी सांगितलं," मी म्हटलं. "सेलचं. माझ्याकडून बोललं गेलं, दादा. रागाच्या भरात."

मला वाटलं होतं ते ओरडतील. मी त्याची तयारी करून आले होते. काशिरामदादांनी नुसती मान हलवली, मोबाइल खिशात ठेवला आणि एक डबा माझ्यापुढे सरकवला.

"खावा," ते म्हणाले. "वाया जाईल."

मी खाल्ली. खिचडी गार झाली होती, तरी शेवटच्या दाण्यापर्यंत खाल्ली. ते समोर बसून आपला डबा खात होते. मध्ये एकदा खिडकीतून खाडीच्या दिशेला बघत म्हणाले, "आज भांगाची भरती हाय. पानी जास्त चडनार नाय." ते मला सांगत नव्हते.

जेवण झाल्यावर त्यांनी हात धुतले, मशीनचं झाकण उघडलं आणि चुन्याच्या डबीतून तो सेल काढला. शर्टाच्या टोकाने पुसला. चालू मशीनमध्ये हात घालू नये असं आम्हाला शिकवतात, पण त्यांनी दोन बोटांनी तो अलगद जागेवर बसवला, बारा वेळा बसवला होता तसाच. झाकण लावलं आणि स्क्रू पिळले. एरवी ते दोनच स्क्रू लावायचे, पुन्हा उघडायचं असायचं म्हणून. त्या दिवशी त्यांनी ड्रॉवरमधून उरलेले दोन शोधून काढले आणि चारही घट्ट बसवले. मग खिडकीतून हात बाहेर काढून पहिल्या ट्रेलरला काट्यावर घेतलं.